नेट गेलं, तर हरलं कोण?

२०२०च्या ३० ऑगस्टचा रविवार. गणपतीचा नववा दिवस. एरवी या दिवशी आमच्या सोसायटीच्या मांडवात उभं राहायला जागा नसते. त्या वर्षी आरतीला मोजून पाच माणसं, तीही मास्क लावून. आरती आटोपून घरी आलो आणि बाबांनी मोबाइल टीव्हीला जोडला. मॅच बुद्धिबळाची! पहिल्यावहिल्या ऑनलाइन चेस ऑलिम्पियाडची फायनल, भारत विरुद्ध रशिया. आपल्या टीममध्ये विश्वनाथन आनंद, कोनेरू हंपी अशी मोठी मंडळी, कॅप्टन नाशिकचा विदित गुजराथी आणि ज्युनिअर मुलींमध्ये नागपूरची चौदा वर्षांची दिव्या देशमुख. आमच्या घरात बुद्धिबळातलं फारसं कुणाला कळत नाही. पण पाच महिने टीव्हीवर लाइव्ह खेळ म्हणून काही धड दिसलंच नव्हतं, त्यामुळे घोडा अडीच घरं चालतो एवढ्या भांडवलावर आम्ही सगळे टीव्हीसमोर बसलो.

पहिला राउंड ३-३ असा बरोबरीत सुटला. दुसऱ्या राउंडमध्ये निहाल सरीन आणि दिव्याचे डाव चालू होते आणि मध्येच दोघांचं इंटरनेट कनेक्शन तुटलं. पटावर सगळं थांबलं, पण घड्याळ थांबलं नाही. वेळ संपली आणि दोघं हरल्याचं जाहीर झालं.

घरात लगेच दोन पार्ट्या पडल्या. दादा म्हणाला, ‘नियम म्हणजे नियम. ज्याचं नेट त्याची जबाबदारी, हे आधीच लिहिलेलं होतं.’ बाबा भडकले, ‘अरे, पण हा खेळ बुद्धिबळाचा आहे की राउटरचा?’ भारतानं अपील केलं. त्या दिवशी जगभर इंटरनेट सेवेत मोठा बिघाड झाला होता, हेही समोर आलं. शेवटी जागतिक बुद्धिबळ संघटनेच्या, म्हणजे ‘फिडे’च्या अध्यक्षांनी निर्णय दिला, की सुवर्णपदक दोन्ही देशांना. बाबांनी खुशीत आणखी एक मोदक उचलला. पण दादा कुठला गप्प बसतोय! तो म्हणाला, ‘ठीक आहे. मग आर्मेनियाचं काय?’

आर्मेनियाचं काय, ते शेवटी सांगते. कारण त्या एका प्रश्नानं माझ्या डोक्यात गेले काही महिने घोळणाऱ्या बऱ्याच गोष्टी एका दोरीत ओवल्या गेल्या.

मार्चपासून खेळ बंद पडले आणि चॅनलवाल्यांनी जुन्या मॅचेसचा रतीब लावला. २०११च्या फायनलमधला धोनीचा सिक्स मी इतक्या वेळा पाहिलाय, की बॉल कुठल्या मजल्यावर पडतो ते झोपेतही सांगेन. निकाल माहीत असलेली मॅच बघताना एक गंमत होते. आपण ‘कोण जिंकलं’ हे सोडून ‘हे ठरवलं कुणी आणि कशावरून’ हे बघायला लागतो. रिप्लेतली ती निळी-लाल रेघ येते कुठून? पाऊस पडल्यावर टार्गेट कोण काढतं? यातून मला एकेक विषय सापडत गेला. त्यातले पाच इथे देतेय. यासाठी महागडा लॅपटॉप लागत नाही, कोर्सची फी भरावी लागत नाही. साधा फोन, एक वही आणि वाद घालायला घरातलं एखादं माणूस, बस्स!

एका बॉलमध्ये २१ रन

२०२०मध्ये २२ मार्चला आपण जनता कर्फ्यू पाळला, टाळ्या-थाळ्या वाजवल्या. त्याच्या बरोबर २८ वर्षांपूर्वी, २२ मार्च १९९२ला, सिडनीत वर्ल्ड कपची सेमीफायनल चालू होती. इंग्लंडविरुद्ध दक्षिण आफ्रिकेला १३ बॉलमध्ये २२ रन हवे होते. पाऊस आला. जेमतेम दहा-बारा मिनिटांनी खेळाडू परत मैदानात आले तेव्हा आकडा झाला होता १ बॉलमध्ये २१ रन!

हा चमत्कार घडला कसा? तेव्हाच्या नियमानुसार जितक्या ओव्हर कमी झाल्या, तितक्या पहिल्या टीमच्या सगळ्यात कमी रनांच्या ओव्हर वजा करायच्या. आफ्रिकेनं आधी दोन ओव्हर फारच छान टाकल्या होत्या आणि त्यात इंग्लंडला रन जवळपास मिळालेच नव्हते. वजा झाल्या त्या नेमक्या याच ओव्हर. म्हणजे ओव्हर गेल्या दोन आणि टार्गेट कमी झालं एकानं. आफ्रिकेची चांगली बोलिंगच आफ्रिकेला नडली.

फ्रँक डकवर्थ आणि टोनी लुईस या दोन इंग्लिश संख्याशास्त्रज्ञांनी यावर उपाय शोधला. त्यांचा फंडा असा, की बॅटिंग करणाऱ्या टीमकडे दोन प्रकारची शिल्लक असते. उरलेल्या ओव्हर आणि हातातल्या विकेट. दोन्ही मिळून जी ताकद होते तिला त्यांनी ‘रिसोर्स’ म्हटलं. ५० ओव्हर आणि १० विकेट शिल्लक म्हणजे १०० टक्के. आता सांगा, २५ ओव्हर आणि दहाच्या दहा विकेट शिल्लक असतील तर किती? पटकन ‘५०’ म्हणाल. त्यांच्या छापील तक्त्यात उत्तर आहे ६६.५! कारण २५ ओव्हरसाठी १० विकेट असल्या, की टीम बिनधास्त मारणार. निम्म्या ओव्हर म्हणजे निम्मी इनिंग नव्हे.

हिशेब करून बघू. पहिल्या टीमनं ५० ओव्हरमध्ये २५० केले. मग पाऊस पडला आणि दुसऱ्या टीमला सुरुवातीपासूनच २५ ओव्हर मिळाल्या. नुसत्या रनरेटनं गेलं तर टार्गेट १२६. डकवर्थ-लुईसच्या तक्त्यानं २५०चे ६६.५ टक्के, म्हणजे १६६.२५, म्हणून टार्गेट १६७. एका पद्धतीत बॅटिंगवाल्यांची लॉटरी लागते, दुसरीत सामना होतो.

ही पद्धत १ जानेवारी १९९७ला हरारेत झिम्बाब्वे-इंग्लंड वनडेमध्ये पहिल्यांदा वापरली गेली. पुढे ऑस्ट्रेलियातले प्राध्यापक स्टीव्हन स्टर्न यांनी ती सुधारली आणि २०१४पासून ‘डीएल’ची ‘डीएलएस’ झाली. आपल्याकडे केरळचे इंजिनीअर व्ही. जयदेवन यांनीही स्वतःची वेगळी पद्धत तयार केली आणि ती इथल्या देशांतर्गत क्रिकेटमध्ये वापरली गेली. टोनी लुईस २०२०च्या एप्रिलच्या सुरुवातीलाच गेले. तेव्हा जगात कुठेच मॅच चालू नव्हती. पाऊस पडला काय आणि नाही काय!

करून बघा : कुठल्याही जुन्या वनडेचा स्कोअरकार्ड घ्या. ३०व्या ओव्हरला पाऊस आला असं समजा आणि टार्गेटचा तुमचा स्वतःचा नियम लिहा. मग तोच नियम आणखी पाच मॅचना लावा. एखाद्या टीमवर तुमच्याच नियमानं अन्याय होताना दिसला, की समजा विषय सुरू झाला.

सात कॅमेरे आणि एक गोल

डीआरएसमध्ये बॉलची वाट दाखवणारं हॉक-आय हे तंत्र २००१मध्ये लॉर्ड्सच्या टेस्टमध्ये टीव्हीवर आलं, तेव्हा ते फक्त प्रेक्षकांच्या करमणुकीसाठी होतं. अंपायरच्या निर्णयाशी त्याचा संबंध नव्हता. २००८मध्ये भारत-श्रीलंका टेस्ट सीरिजमध्ये रिव्ह्यूची पहिली चाचणी झाली. आपल्या बोर्डाला पुढे कितीतरी वर्षं या पद्धतीवर भरवसा नव्हता. २०१६च्या इंग्लंड सीरिजपासून आपण ती घेतली.

तंत्राची कल्पना तशी साधी आहे. मैदानाभोवतीचे अनेक हाय-स्पीड कॅमेरे एकाच क्षणी बॉलचे फोटो काढतात. प्रत्येक कॅमेऱ्याला बॉल वेगळ्या कोनातून दिसतो. हे कोन जुळवले, की बॉल हवेत नेमका कुठे आहे ते कळतं. शाळेत आपण ‘याचा उपयोग काय’ म्हणून जिला शिव्या घातल्या तीच ही भूमिती. पण खरी मेख पुढे आहे. बॉल पॅडला लागला, की पुढचा प्रवास घडलेलाच नसतो. स्क्रीनवर त्यानंतर दिसणारी रेघ म्हणजे कम्प्युटरचा अंदाज. आता अंदाज म्हटलं की थोडी चूक गृहीत धरावी लागते. म्हणून ‘अंपायर्स कॉल’. बॉलचा निम्म्याहून कमी भाग स्टम्पला लागताना दिसला, तर मैदानातल्या अंपायरनं आधी जे दिलं तेच कायम. क्रिकेटचा बॉल साधारण सव्वासात सेंटीमीटर रुंद असतो, म्हणजे सगळा वाद साडेतीन सेंटीमीटरचा!

आपल्याला याचा राग येतो. ‘लागतोय ना स्टम्पला, मग आउट द्या की!’ मीही हेच ओरडायचे. आता वाटतं, की आपल्याला इथपर्यंतच खात्रीनं कळतं, त्यापुढे नाही, हे ज्या नियमात उघड मान्य केलंय तो नियम वाईट कसा?

कारण सगळं कळतं असं धरून चाललं की काय होतं, ते २०२०मध्ये १७ जूनला दिसलं. इंग्लंडमधली प्रीमियर लीग तीन महिन्यांहून जास्त बंद राहून त्या दिवशी सुरू झाली. ॲस्टन व्हिला विरुद्ध शेफील्ड युनायटेड, स्टेडियम रिकामं. शेफील्डच्या फ्री किकवर व्हिलाचा गोलकीपर बॉल हातात धरून चक्क गोललाइनच्या आत गेला. टीव्हीवर सगळ्यांना दिसलं. पण रेफ्रीच्या मनगटावरच्या घड्याळाला गोल झाल्याचा सिग्नल गेलाच नाही. गोललाइनवर नजर ठेवणाऱ्या सातही कॅमेऱ्यांच्या आड खेळाडू आणि गोलपोस्ट आले होते. हॉक-आय कंपनीनं नंतर माफी मागितली. नऊ हजारांहून जास्त मॅचेसमध्ये असं पहिल्यांदाच झालं, असं सांगितलं. मॅच ०-० सुटली.

विषय तिथेच संपला असता. पण सीझन संपला तेव्हा व्हिलाचे ३५ गुण होते आणि बोर्नमथचे ३४. व्हिला वाचली, बोर्नमथ खालच्या डिव्हिजनमध्ये गेली. तो गोल धरला असता आणि बाकी सगळं तसंच घडलं असतं, तर व्हिलाचेही ३४च झाले असते आणि गोलफरकावर बोर्नमथ वाचली असती. सिग्नल आला नाही म्हणून सगळ्यांनी स्वतःच्या डोळ्यांवर विश्वास ठेवायचं सोडलं. रिप्ले बघणारे व्हिडिओ रेफ्रीसुद्धा मध्ये पडले नाहीत.

करून बघा : फोनचा स्लो-मोशन लावा आणि भावाला गच्चीवर टेनिस बॉल टप्पा टाकून फेकायला सांगा. व्हिडिओ मध्येच थांबवा, बॉल पुढे कुठे जाईल ते घरातल्या प्रत्येकाला कागदावर काढायला लावा आणि मग व्हिडिओ पुढे चालवा. एक हिशेबही करा. ताशी १४० किलोमीटरचा बॉल सेकंदाला जवळपास ३९ मीटर जातो. साध्या व्हिडिओत सेकंदाला ३० फ्रेम असतात, म्हणजे दोन फ्रेमच्या मध्ये बॉल सव्वा मीटरहून जास्त पुढे सरकलेला असतो. २४० फ्रेमला तेच अंतर होतं १६ सेंटीमीटर. हाय-स्पीड कॅमेरे कशाला लागतात, ते वेगळं सांगायला नको.

थुंकी लावू नका!

क्रिकेटमध्ये बॉलला थुंकी लावून पँटवर घासणं ही इतकी जुनी सवय, की आपल्या बिल्डिंगखाली प्लास्टिकच्या बॉलनं खेळणारी पोरंही तेच करतात. २०२०मध्ये ९ जूनला आयसीसीनं ते बंद केलं. घाम चालेल, थुंकी नाही. तेव्हाच्या नियमानुसार प्रत्येक इनिंगमध्ये दोन वेळा ताकीद होती, त्यानंतर समोरच्या टीमला ५ रन फुकट. जुलैमध्ये मँचेस्टरच्या टेस्टमध्ये इंग्लंडच्या एका फिल्डरनं सवयीनं थुंकी लावली आणि अंपायरनी बॉल चक्क जंतुनाशकानं पुसून घेतला. असं दृश्य बघायला मिळेल, असं आपल्याला आदल्या वर्षी कुणी सांगितलं असतं तर वेड्यात काढलं असतं.

पण थुंकीनं होतं काय? बॉलला चिकटून हवेचा एक पातळ थर वाहत असतो. घासून चकचकीत ठेवलेल्या बाजूनं हा थर शांतपणे वाहतो आणि बॉलला लवकर सोडतो. शिवणीच्या किंवा खडबडीत बाजूनं तो विस्कटतो आणि गंमत म्हणजे विस्कटलेला थर बॉलला जास्त वेळ चिकटून राहतो. दोन्हीकडची हवा बॉलला वेगवेगळ्या ठिकाणी सोडते, त्यामुळे मागची हवा एका बाजूला ढकलली जाते आणि बॉल दुसऱ्या बाजूला. झाला स्विंग! वेग खूप वाढला किंवा बॉल खूप झिजला, की हे गणित उलटतं आणि आपल्याला रिव्हर्स स्विंग दिसतो. ‘नासा’तले शास्त्रज्ञ रवींद्र मेहता यांनी तर क्रिकेट बॉलच्या या हवेतल्या प्रवासाचा कितीतरी वर्षं अभ्यास केलाय. ढगाळ हवेत बॉल जास्त स्विंग होतो, असं प्रत्येक कॉमेंटेटर छातीठोकपणे सांगतो. पण तसं होत असेल तर नेमकं कशामुळे, यावर अजूनही एकमत नाही.

आता नियमाकडे बघा. थुंकी गेली म्हणजे बोलरच्या हातातलं एक हत्यार गेलं. बॅट्समनचं काही गेलं का? नाही. तब्येतीसाठी केलेला नियम बरोबरच आहे, पण त्याची किंमत एकाच बाजूनं मोजली. घरात राहायचा नियम सगळ्यांना सारखाच होता आणि तो कुणाला किती महाग पडला, हे आपण त्या सहा महिन्यांत पाहिलंच.

करून बघा : टेनिस बॉलच्या अर्ध्या भागावर इलेक्ट्रिकची टेप गुळगुळीत चिकटवा. टेपची बाजू एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे ठेवून वीस-वीस बॉल टाका. बॉल कुठल्या बाजूला वळतो ते वहीत लिहा. हळू आणि जोरात टाकल्यावर फरक पडतो का, तेही बघा. उत्तर मी मुद्दाम सांगत नाही.

बूट पळतो की माणूस?

२०१९मध्ये १२ ऑक्टोबरला केनियाचा एलियुड किपचोगे व्हिएन्नात ४२.१९५ किलोमीटर १ तास ५९ मिनिटं ४० सेकंदांत पळाला. मॅरेथॉनचं अंतर दोन तासांच्या आत पळणारा पहिला माणूस! पण हा अधिकृत विक्रम नाही. त्याच्यासाठी ४१ धावपटू आळीपाळीनं वेग राखत पळत होते आणि पुढची गाडी लेझरनं रस्त्यावर रेघा टाकत होती. अधिकृत विक्रमासाठी हे चालत नाही. दुसऱ्याच दिवशी शिकागोत ब्रिजिड कोसगेईनं २ तास १४ मिनिटं ४ सेकंदांत मॅरेथॉन जिंकून पॉला रॅडक्लिफचा २००३पासूनचा विक्रम मोडला. ही मात्र रीतसर शर्यत.

दोघांच्या पायात नायकेचे नव्या पद्धतीचे बूट होते. जाड, हलका, उसळी देणारा फोम आणि त्यात कार्बन फायबरची पट्टी. अमेरिकेतल्या कोलोरॅडो विद्यापीठातल्या संशोधकांनी या बुटांचं आधीचं रूप २०१७मध्ये तपासलं होतं. त्याच वेगानं पळायला सरासरी ४ टक्के कमी ऊर्जा लागते, असं त्यांना दिसलं. तुम्हाला ४ टक्के काहीच वाटत नसेल, तर आपल्याकडे मेरिट लिस्ट आणि कट-ऑफमध्ये ४ टक्के म्हणजे काय ते आठवा.

२०२०मध्ये ३१ जानेवारीला जागतिक ॲथलेटिक्स संघटनेनं रेघ मारली. तळवा ४० मिलिमीटरपेक्षा जाड नको, पट्टी एकच आणि बूट स्पर्धेच्या चार महिने आधीपासून बाजारात मिळत असला पाहिजे, असे तेव्हाचे नियम होते. मला यातला तिसरा नियम सगळ्यात आवडला. बूट चांगला असू दे, पण तो एकट्याकडेच नको. अर्थात बाजारात मिळणं आणि परवडणं यातला फरक आपल्याकडच्या गावातून पळत आलेल्या कुठल्याही पोरीला विचारा.

पोहण्यात हाच वाद आधीच झालाय. २००८मध्ये स्पीडोचा ‘एलझेडआर रेसर’ सूट आला. तो तयार करताना ‘नासा’च्या विंड टनेलची मदत घेतली होती. मग इतर कंपन्यांनीही तसे सूट काढले आणि २००९च्या रोममधल्या जागतिक स्पर्धेत पोहण्याचे ४३ विश्वविक्रम झाले. १ जानेवारी २०१०पासून हे सूट बंद झाले, विक्रम मात्र पुसले नाहीत. ब्राझीलच्या सीझर सिएलोचा १०० मीटर फ्रीस्टाइलचा ४६.९१ सेकंदांचा रोममधला विक्रम २०२०मध्येही उभा होता. तेव्हाचा पोहणारा साध्या कापडी जॅमरमध्ये त्या सूटशी शर्यत लावत होता.

करून बघा : किपचोगेचा वेग म्हणजे १०० मीटर १७ सेकंदांत. बिल्डिंगच्या आवारात अंतर मोजा आणि पळा. जमलं? आता तेच न थांबता आणखी ४२१ वेळा करायचंय. बूट पळतो की माणूस, याचं निम्मं उत्तर तिथेच मिळेल.

आर्मेनियाचं काय?

आता दादाच्या प्रश्नाकडे येऊ. त्याच ऑलिम्पियाडच्या क्वार्टर फायनलमध्ये भारतासमोर आर्मेनिया होता. पहिल्या राउंडमध्ये निहाल सरीनविरुद्ध खेळणाऱ्या आर्मेनियाच्या खेळाडूचं कनेक्शन तुटलं आणि वेळ संपून तो हरला. तो राउंड भारतानं ३.५-२.५ असा, म्हणजे त्याच एका गुणाच्या फरकानं जिंकला. आर्मेनियानं अपील केलं, ते फेटाळलं गेलं. निषेध म्हणून आर्मेनिया दुसरा राउंड खेळलाच नाही आणि आपण सेमीफायनलला गेलो. पुढे फायनलमध्ये तीच वेळ आपल्यावर आली, तेव्हा सुवर्ण वाटून मिळालं. दादाचं म्हणणं एवढंच, की नेट गेलं तर नियम सगळ्यांना एकच हवा. बाबांचं म्हणणं असं, की एका घरातलं वायफाय जाणं वेगळं आणि जगभरची सेवा कोलमडणं वेगळं.

दोघंही बरोबर आहेत, पंचाईत तीच आहे. ‘नेट गेलं’ हे कारण दर वेळी मान्य केलं, तर हरत आलेला कुणीही वायर काढून मोकळा होईल. म्हणून तो कडक नियम. आणि कधीच मान्य केलं नाही, तर पटावर कोण जास्त हुशार यापेक्षा कुणाच्या भागात टॉवर आहे यावर निकाल लागेल. सिडनीतल्या पावसापासून व्हिलाच्या गोलपर्यंत सगळीकडे हाच पेच आहे. तंत्र काहीही असो, त्याचं जिथे अडतं तिथे कुणीतरी माणूसच रेघ मारतो. ती रेघ खेळ सुरू व्हायच्या आधी मारली तर त्याला नियम म्हणतात, नंतर मारली तर मेहेरबानी.

हे मला खेळापुरतं राहिलं असतं तर बरं झालं असतं. २८ ऑगस्टला सुप्रीम कोर्टाचा निकाल आला आणि आपल्यातल्या फायनल इयरवाल्यांची परीक्षा पक्की झाली. बहुतेकांची ती घरून, ऑनलाइन, एमसीक्यूची होणार होती. माझी एक मैत्रीण श्रीवर्धन तालुक्यातल्या एका गावात आहे. ३ जूनच्या निसर्ग वादळात घरावरची कौलं गेली, विजेचे खांब आडवे झाले, लाइट यायला कित्येक आठवडे लागले. रेंज तेव्हा गावाबाहेरच्या टेकडीवर चढल्याशिवाय येत नव्हती. तिच्या कॉलेजनं मध्यंतरी सराव परीक्षा घेतली. चाळीसपैकी सदतीस उत्तरं दिली तेव्हा पाऊस आला, ती छत्री धरून बसली, पण स्क्रीनवरचं गोल चाक फिरायचं थांबलं नाही. निकालात तिच्या नावापुढे ‘गैरहजर’ आलं. फोन केला तर उत्तर मिळालं, ‘नेटची जबाबदारी विद्यार्थ्याची.’

फायनलच्या दुसऱ्या दिवशी मी तिला दिव्या आणि निहालची गोष्ट सांगितली. ती ऐकून घेतली आणि म्हणाली, ‘मला कोण देणार गं दुसरं गोल्ड?’

माझ्याकडे उत्तर नव्हतं. पण एवढे महिने ‘हे ठरवलं कुणी आणि कशावरून’ विचारायची सवय लागली होती, ती कामी आली. आम्ही दोघींनी मिळून तिच्या कॉलेजला एक ईमेल लिहिला. त्यात तक्रार नाही, फक्त चार प्रश्न. पेपर चालू असताना कनेक्शन गेलं तर घड्याळ थांबणार का? तोवर दिलेली उत्तरं धरणार का? बिघाड विद्यार्थ्याचा की सगळ्या भागाचा, हे कोण आणि कशावरून ठरवणार? आणि पुन्हा पेपर द्यायची सोय असेल तर ती किती दिवसांत? अजून उत्तर आलेलं नाही. तिच्या वर्गातल्या आणखी अकरा जणांनी तोच ईमेल आपापल्या नावानं पाठवलाय.

पाचवं ‘करून बघा’ हेच आहे. तुमच्या परीक्षेचे नियम मागून घ्या आणि या चार प्रश्नांची उत्तरं त्यात सापडतात का ते बघा. सापडली नाहीत, तर पेपरच्या आधी विचारा. नंतर विचारलं की त्याला अपील म्हणतात आणि अपिलाचं काय होतं, ते आर्मेनियाला विचारा.

बाकी, त्यानंतर सप्टेंबर २०२०मध्ये एका शनिवारपासून आयपीएल सुरू झाली. रिकाम्या स्टेडियममध्ये का असेना, लाइव्ह मॅच! पहिला रिव्ह्यू घेतला गेला आणि स्क्रीनवर ‘अंपायर्स कॉल’ आलं, की घरातल्यांना साडेतीन सेंटीमीटरचं गणित समजावून सांगा. आमच्याकडे दादा आणि बाबांचं भांडण आत्तापासूनच ठरलेलं आहे.